टाकीच्या तळाचा पहिला ग्लास

पंच करायला विशेष अक्कल लागते असं मला कधीच वाटलं नव्हतं. फळांचा रस, साखर, काळा चहा, दालचिनी-लवंगांचं उकळलेलं पाणी आणि रम. बाकी सगळी यजमानाची बढाई. मी ज्युनिअर कॉलेजात रसायनशास्त्र शिकवत होतो. एखाद्या द्रवात काय किती टक्के आहे हे कागदावर मांडता आलं की तो द्रव आपल्याला कळला, अशी माझी समजूत होती. ती मोडायला एक लग्न लागलं. माझं नव्हे.

शतक संपायला दोन-तीन वर्षं उरली असताना मी नालासोपाऱ्याच्या पश्चिमेला फ्लॅट घेतला. बिल्डरनं आमच्या इमारतीला इंग्लंडमधल्या कुठल्याशा राजवाड्याचं नाव दिलं होतं. खिडकीतून मात्र शेजारच्या गास गावातल्या वाड्या दिसत: केळी, मोगरा, मधूनच एखादी विहीर. त्यातली सगळ्यांत जवळची वाडी एका ख्रिस्ती कुटुंबाची. त्यांची मुलगी बारावीला माझ्याकडे शिकायला यायची. ती पास झाली ते स्वतःच्या कष्टानं, पण श्रेय तिच्या वडलांनी मला दिलं, आणि तेव्हापासून अधूनमधून केळ्यांची एक फणी आमच्या दाराशी यायला लागली. मी त्यांना काका म्हणायचो आणि त्यांच्या बायकोला काकी. माझ्याहून वीस वर्षांनी मोठे असूनही दोघं मला सर म्हणत.

काका गावात दोन गोष्टींसाठी प्रसिद्ध होते. पहिली म्हणजे पंच. आसपासच्या तीन आळ्यांत कुठेही लग्न असलं की पंच बनवायला त्यांनाच बोलावणं असे. त्यांचं प्रमाण ठरलेलं: एका बाटलीला चार बाटल्या रस. फळं आंबट निघाली तर साखर बदले, पण हे प्रमाण बदलत नसे. याहून पातळ झाला तर यजमान कंजूष ठरतो आणि कडक झाला तर जेवणाआधीच कुणीतरी जुनं भांडण उकरून काढतो, असं ते सांगत.

दुसरी गोष्ट कुणी बोलून दाखवत नसे. काका स्वतः फार पीत. शेवटची दोन वर्षं तर त्यांची एक विचित्र तक्रार असे की हल्ली बाटलीत दम राहिलेला नाही, दुकानदार भेसळ करतात. त्यांनी तीन दुकानं बदलली. एका दुकानदाराशी तर भर बाजारात भांडण केलं. मग एके सकाळी ते केळींच्या ओळीत पडलेले सापडले. इस्पितळात तीन आठवडे गेले. डॉक्टरांनी जे सांगायचं ते सांगितलं आणि काकांनी सोडली. त्या गोष्टीला दीड वर्ष झालं होतं, तेव्हा मुलीचं लग्न ठरलं.

नवरा मुलगा अर्नाळ्याचा. लग्नाला तीन आठवडे असताना काका एका रविवारी दुपारी माझ्याकडे आले. चहा घेतला, खिडकीतून स्वतःच्याच वाडीकडे बराच वेळ बघत बसले आणि मग म्हणाले, की पहिला ग्लास त्यांना घ्यावा लागणार.

त्यांच्या आळीत टोस्टची एक रीत होती. मुलीच्या बापानं पंचाच्या भांड्यातून सगळ्यांदेखत स्वतःचा ग्लास भरायचा, एका दमात संपवायचा आणि उलटा करून दाखवायचा. मग पाहुण्यांचे ग्लास भरायचे. फार पूर्वी कुणाच्या तरी लग्नात वाईट दारूनं माणसं आंधळी झाली, तेव्हापासून ही रीत पडली, असं एक म्हातारा सांगे. दुसरा म्हातारा ती पोर्तुगीज साहेबांची चाल असल्याचं सांगे आणि त्याचा त्याला अभिमान वाटे. मला एवढंच कळलं की तुम्हाला जे पाजतो ते आधी मी पितो, असं त्यातून म्हणायचं असतं. मानपानाच्या इतर प्रकारांपेक्षा ही रीत मला बरी वाटत आली होती. त्या दुपारी वाटेनाशी झाली.

सोडली म्हणून सांगून टाका, असं मी सुचवलं.

"गावाला ठाऊक आहे," काका म्हणाले. "अर्नाळ्याच्या लोकांना नाही. सोडली म्हटलं की किती पीत होता, ते विचारतात."

बिनदारूचाच पंच करा, म्हटलं. त्यावर त्यांनी मान हलवली. बिनदारूचा पंच दिला तर त्या दिवशी कुणी काही बोलणार नाही, पुढची वीस वर्षं मुलीला ऐकवतील. नुसता ओठाला लावा, म्हटलं. ग्लास उलटा करायचा असतो, त्यांनी आठवण करून दिली. मग माझ्याकडे न बघता म्हणाले, "एक घोट गेला तर दुसरा थांबवनारा मी नाही, सर. बाकी कुनाला नसंल माहीत, मला मी माहीत आहे."

त्यांच्या बोलण्यात कुठेही नाटक नव्हतं. विहीर किती खोल आहे हे सांगावं तसं त्यांनी सांगितलं. आणि मी, वर्गात टाळ्या मिळवायची सवय असलेला माणूस, म्हणालो की बघू, यावर काहीतरी काढता येईल.

काढलं ते असं. साखरेचा दाट रस जड असतो आणि रम हलकी. रसाला धक्का न लावता रम त्याच्यावर हळूच सोडली तर ती वरच राहते. मंडपवाल्याकडे पाण्यासाठी स्टीलच्या उभ्या टाक्या असतात, त्यांना तळाशी नळ असतो. नळ उघडला की पहिला ग्लास तळाचा, म्हणजे नुसता रस. काकांनी तो प्यावा, उलटा करून दाखवावा, आणि मग मी ती टाकी सगळ्यांसमोर मनसोक्त ढवळावी. दुसऱ्या ग्लासापासून पंच.

कॉलेजच्या प्रयोगशाळेत मी ब्युरेटमध्ये हे करून पाहिलं. ब्युरेट म्हणजे तळाशी तोटी असलेली काचेची लांब नळी. या कामासाठीच बनवल्यासारखी. चहा घातलेला रस काळसर, रमही काळसर, त्यामुळे बाहेरून दोन थर दिसतच नव्हते. तास झाला, दीड तास झाला, तोटीतून येणाऱ्या थेंबाला रमचा वाससुद्धा नव्हता. प्रयोगशाळेचा शिपाई माझ्याकडे ज्या नजरेनं बघत होता, ती मी पुढे कितीतरी वर्षं विसरलो नाही.

काकांची एकच अट होती. काकींना यातलं काही कळता कामा नये. त्यांना कळलं तर त्या आपल्याला टाकीच्या आसपास उभंच राहू देणार नाहीत, असं त्यांचं म्हणणं. मला ते पटलं. दोन शहाण्या पुरुषांना पटण्यासारखंच होतं ते.

लग्नाच्या दिवशी देवळात चारचा विधी होता. चर्चला ते देऊळच म्हणतात. दुपारी अडीचलाच वाडीतला मंडप तयार होता. व्यासपीठावर थर्माकोलची दोन हृदयं आणि एक हंस. हंसाची मान वाकडी झाली होती आणि ती सरळ करण्यावरून दोन मामांचा वाद चालला होता. टाकी भरल्यावर हलवायची नाही, म्हणून ती जिथे वाढायची त्याच टेबलावर ठेवून तिथेच भरायची होती. चोवीस लिटर रस काकांनी आदल्या दिवशी स्वतः केला होता. तो ओतून झाला. मग त्यांनी आठ बाटल्यांची पेटी माझ्या पायाशी ठेवली, तीन पावलं मागे गेले आणि विहिरीकडे तोंड करून उभे राहिले.

रसावर मी केळीच्या पानाचा एक गोल तुकडा तरंगत सोडला आणि त्याच्यावर रम ओतायला लागलो. धार बारीक ठेवायची, म्हणजे ती पानावरून पसरत कडेनं उतरते आणि खालच्या रसात घुसत नाही. पहिल्या बाटलीचं झाकण फिरवलं तेव्हा तो कडकड आवाज मला स्वतःलाच फार मोठा वाटला. काकांची पाठ हलली नाही. वास मात्र त्यांच्यापर्यंत जाणारच होता, आणि वारा समुद्राकडून होता.

"जोरात पडतंय, सर," ते विहिरीकडे बघत म्हणाले.

मी धार बारीक केली. बाटलीमागून बाटली रिकामी होत होती. माझा दंड भरून आला. त्यांचा उजवा हात पँटच्या खिशात होता आणि खिशातली मूठ मला कापडावरून दिसत होती.

"सातवी ना ही?"

सहावी आहे, असं मी म्हणालो.

"सातवी."

रिकाम्या बाटल्या मोजल्या. ती सातवीच होती.

आठवी संपल्यावर मी झाकण ठेवलं, पान आत तसंच तरंगत राहू दिलं. नळातून थोडं काढून त्यांना दिलं. त्यांनी ग्लास नाकाशी धरला, बराच वेळ धरला, मग प्यायला. रस. त्यांच्या चेहऱ्यावर सुटकेपेक्षा थोडं वेगळं काहीतरी येऊन गेलं. मी त्याला नाव द्यायचं टाळलं. ते सूट घालायला घरात गेले आणि जाताना म्हणाले, की टाकी सोडून कुठे जाऊ नका.

वऱ्हाड देवळात गेलं आणि मी टाकीशेजारी घडीची खुर्ची टाकून बसलो. मंडपात मी, मंडपवाल्याचे दोघे कामगार आणि हंस. थर फुटलेत का हे बघायचं तर एकच मार्ग होता. दर दहा मिनिटांनी नळातून छोटा ग्लासभर काढायचा आणि चाखायचा. चाखलेलं परत ओतता येत नाही, फेकणं जिवावर येतं, म्हणून मी तो पूर्ण पीत होतो. पहिले चार ग्लास फार छान लागले. पुढचे कर्तव्य म्हणून प्यायलो. कुणाचा तरी मेहुणा बर्फाची लादी सायकलवर बांधून घेऊन आला आणि ती फोडून थेट टाकीत टाकायच्या बेतात होता. मी टाकीवर जवळजवळ आडवाच पडलो आणि बर्फ बाहेरून लावा, आतून चव पातळ होते, असं त्याला समजावलं. थंडगार पंच पिताना सौम्यच वाटतो आणि मग माणसं त्यात आणखी ओततात, हेही सांगितलं. तो म्हणाला, मग बरंच आहे की. शेवटी बर्फ बाहेरूनच लागला. सहा वाजेपर्यंत माझे अठरा ग्लास झाले होते आणि अठरावा पहिल्याइतकाच निर्मळ होता.

मग बँड ऐकू आला.

दोनशे माणसं मंडपात शिरली. मुलगी पांढऱ्या झग्यात, काका काळ्या सुटात, काकी मरून साडीत, त्यांच्या अंबाड्यात वाडीतलाच मोगरा. काकांनी लांबूनच माझ्याकडे पाहिलं. मी मान डोलावली. इथपर्यंत सगळं ठरल्याप्रमाणे होतं.

टोस्टचं भाषण करायला नवऱ्या मुलाकडचे एक निवृत्त गृहस्थ होते. त्यांना आपल्या इंग्रजीविषयी आदर होता. त्यांच्या हातात चार पानं होती, दोन्ही बाजूंनी टाइप केलेली. ते माझ्याजवळ आले आणि मी प्रोफेसर आहे असं ऐकल्याचं सांगून म्हणाले, की एका वाक्याविषयी मत हवंय, लाइटच्या खाली येता का, इथे अक्षर दिसत नाही. मी प्रोफेसर नव्हतो. ही चूक मी दुरुस्त केली नाही. त्यांच्याबरोबर सात-आठ पावलं गेलो. लग्नाच्या होडीला त्यांनी दुसऱ्या पानावर समुद्रात सोडलं होतं आणि तिसऱ्या पानावर त्याच होडीला मुळं फुटत होती. होडी ठेवा नाहीतर झाड ठेवा, असं मी सांगितलं. त्यांना दोन्ही हवं होतं. थाटामाटाला हसत आयुष्य काढलेला मी एका खोट्या पदवीसाठी तीन मिनिटं दिव्याखाली उभा राहिलो. मग मागे वळून पाहिलं.

टाकीचं झाकण टेबलावर होतं. त्याच्या शेजारी केळीचं पान, ओलं, चिमटीत धरून नीट बाजूला ठेवलेलं. काकी हातात लांब दांड्याचा लाकडी डाव घेऊन टाकी ढवळत होत्या. वरवर नव्हे. डाव तळापर्यंत घालून, टाकीच्या कडेला घासून, एक, दोन, तीन वेढे. त्या घरात कुठलंही भांडं तळापासून ढवळल्याशिवाय वाढत नसत. आमटी असो, खीर असो. मला हे माहीत होतं. त्यांच्या स्वयंपाकघरात बसून कितीदा तरी पाहिलं होतं. पण मी घनता मोजली होती आणि पृष्ठताण विचारात घेतला होता. काकींना घेतलं नव्हतं.

मी टेबलापाशी पोचलो तेव्हा त्या डाव पुसत होत्या. पान पडलं होतं आत, म्हणाल्या, मंडपवाल्यांना काही कळत नाही. मी हो म्हणालो. नळाखाली बोट धरून जिभेला लावलं. आता सांगायचं काही राहिलं नव्हतं. एकदा मिसळल्यावर हे दोन द्रव पुन्हा वेगळे होत नाहीत, हे मी दरवर्षी अकरावीला शिकवत असे.

माइकवर भाषण सुरू झालं. होडी निघाली. मी खुर्च्यांच्या रांगांतून व्यासपीठाकडे सरकायला लागलो. लोकांना वाटलं मला फोटोत यायचंय. एकानं मला दोनदा खाली बसवलं. काका मुलीच्या डाव्या हाताला ताठ बसले होते, चेहऱ्यावर बापाचं ठरावीक हसू. मी मागून त्यांच्या खुर्चीपाशी वाकलो.

"ढवळलं," मी म्हणालो.

हसू तसंच राहिलं. "कुनी?"

"काकींनी."

ते समोर बघत राहिले. माइकवरून आता मुळं फुटत होती. मी घाईघाईनं सांगत गेलो: ठसका लागल्यासारखं करा, हातातून ग्लास पडू द्या, चक्कर आली म्हणा, मी धरतो. माझ्याच कानाला ते इतकं हलकं वाटलं की मी मधेच थांबलो. एवढा वेळ जिला मी युक्ती म्हणत होतो, ती या सगळ्याच्याच जातीची होती.

"ऱ्हाऊ द्या आता, सर," काका म्हणाले.

याचा अर्थ काय घ्यायचा ते मला कळलं नाही. घेईन, असाही होता. घेणार नाही, असाही. त्यांनी सुटाचं बटण लावलं. भाषण संपलं, टाळ्या झाल्या, बँडनं एक कडवं वाजवलं आणि काका व्यासपीठावरून उतरून टाकीकडे चालायला लागले. काकी टेबलाशीच होत्या. दोनशे माणसं उभी राहिली, हातात रिकामे ग्लास.

त्यांनी नळ उघडला. ग्लास भरेपर्यंत मी त्यांच्या हाताकडे बघत होतो. हात अगदी स्थिर होता, दुपारी खिशात होता त्याहून. ग्लास त्यांनी वर उचलला, जोडप्याकडे वळून धरला, आणि खाली आणला. नाकाच्या उंचीला आल्यावर तो थांबला.

थांबला म्हणजे किती? चार सेकंद असतील. पण पहिल्या रांगेत अर्नाळ्याची माणसं होती, आणि नवऱ्या मुलाच्या वडलांनी मान किंचित तिरकी केलेली मी पाहिली. काकांचे ओठ उघडले. ते बोलायला उघडले होते की प्यायला, हे मला आजही सांगता येणार नाही. बँडवाल्यानं ट्रम्पेट खाली घेतलं. कुठेतरी एक मूल ग्लासावर चमचा वाजवत होतं, त्याच्या हातून कुणीतरी चमचा काढून घेतला.

काकींनी नवऱ्याकडे पाहिलं. मग माझ्याकडे. मग टेबलावरच्या त्या ओल्या पानाकडे. मग पुन्हा माझ्याकडे, आणि या खेपेला मी नजर खाली केली.

त्यांनी हात पुढे केला आणि काकांच्या बोटांतून ग्लास काढून घेतला. हिसकावला नाही. तापलेलं भांडं दुसऱ्याच्या हातातून घ्यावं तसा, सांभाळून. आणि प्यायल्या. एका दमात नव्हे; सावकाश, मधे जीभ टाळूला लावत, डोळे मिटून, शेवटच्या थेंबापर्यंत. ग्लास उलटा केला. एकही थेंब पडला नाही. त्या बाईंच्या ओठांना कुणी कधी दारू लागलेली पाहिली नव्हती; मंडपाच्या मागच्या बाजूनं त्यांच्या बहिणीच्या तोंडून निघालेला छोटासा आवाज मला ऐकू आला.

काकींनी डोळे उघडले.

"सर," त्या म्हणाल्या, "कडक झालाय. दोन तांबे पानी घाला."

पहिल्या रांगेत नवऱ्या मुलाची आजी होती, लुगडं नेसलेली, कानात सोन्याच्या जड कुड्या. ती मोठ्यानं म्हणाली, "बरं झालं. बाप्ये कायपन पितात नि चांगलंच म्हनतात," आणि आपला ग्लास पुढे केला. हशा पिकला. मी पाणी आणायला धावलो. दोन तांबे ओतले, तळापासून ढवळलं, आणि टोस्ट झाला. काकांच्या हातात पाण्याचा ग्लास होता. त्या गडबडीत त्याच्याकडे कुणी पाहिलं नाही. किंवा पाहिलं असेल आणि विचारलं नसेल.

घरी आल्यावर मी कागद घेऊन बसलो. अठरा छोटे ग्लास, म्हणजे जवळजवळ दोन लिटर रस मी तळातून काढून स्वतः प्यायलो होतो. वरची सगळी रम तशीच होती. थर शाबूत आहेत ना हे तपासता तपासता पंच कडक मीच करून ठेवला होता. साडेआठ टक्क्यांचा नऊच्या पुढे गेला होता. भरपाईला किती पाणी लागलं असतं? दोन तांबे. मी संशयी माणूस आहे. अर्ध्या टक्क्याचा फरक जिभेला कळतो यावर माझा विश्वास नव्हता, पूर्ण अजूनही नाही. पण कागदावर उत्तर तेच येत होतं.

आठवड्यानं मी वाडीवर गेलो. मुलगी सासरी, मंडप गेलेला, हंस विहिरीला टेकवून ठेवलेला. काका ओट्यावर होते, काकी मोगऱ्याच्या कळ्या निवडत होत्या. मी माफी मागायला गेलो होतो आणि कुणाची आधी मागावी हे ठरत नव्हतं. काकींनी ते काम सोपं केलं.

"मला सांगितलं असतं तर डाव नसता घातला," त्या म्हणाल्या. "पान बगून वाटलं घान पडली. मग ह्यांचं तोंड बगितलं नि तुमचं बगितलं, तेव्हा कळलं."

मी तो कडकपणाचा प्रश्न विचारला. इतकं नेमकं कसं सांगितलंत?

त्यांनी दोन-तीन कळ्या निवडल्या. मग नवऱ्याकडे न बघता सांगितलं. शेवटची दोन वर्षं त्या रोज काकांच्या बाटलीतली थोडी ओतून देऊन तेवढं पाणी घालत होत्या. सुरुवातीला अर्धी वाटी. फार घातलं तर ओळखतील, म्हणून आधी मूळ चव घ्यायची, पाणी घालायचं, पुन्हा चव घ्यायची, मग थुंकून चूळ भरायची. आठवडाभर तेवढंच ठेवायचं. जिभेला फरक कळेनासा झाला की पुढचं थोडं. दोन वर्षं, रोज, न्याहारीच्या आधी. प्रयोगशाळेत इतक्या चिकाटीनं काम केलेला विद्यार्थी मला मिळालेला नाही.

काकांनी हातातली तंबाखूची डबी खाली ठेवली.

"किती घालत होती शेवटी?" त्यांनी विचारलं.

"अर्धं."

काका विहिरीकडे बघत राहिले, त्या दिवशी उभे होते तसेच. मला वाटलं, आता चिडतील. त्यांचा चेहरा चिडलेल्या माणसाचा नव्हता. हिशेब करणाऱ्याचाही नव्हता. शेवटी ते म्हणाले, "त्या दुकानवाल्याला भर बाजारात चोर म्हटलं मी."

"म्हटलंत," काकी म्हणाल्या.

"लग्नाला बोलवायला पायजे होता."

काकींनी निवडलेल्या कळ्या ओच्यात घेतल्या आणि उठल्या. आत जाताना त्यांनी मला जेवून जा म्हणून सांगितलं. थोड्या वेळानं आतून डाव भांड्याच्या तळाला घासल्याचा आवाज आला: एक, दोन, तीन.